खोटकाम: वरून पाऊस, खालून भरती

वरळी आणि महालक्ष्मी यांच्यामधली खाडी बुजलीच नाही, असं धरून चला. हॉर्नबी गव्हर्नरच्या काळात घातलेला, १७८४च्या सुमारास पुरा झालेला बांध टिकलाच नाही. (त्याच बांधावरून आज हाजी अलीजवळचा लाला लजपतराय मार्ग जातो.) १८३८चा कुलाब्याचा कॉजवे नाही, १८४५चा माहीमचाही नाही. पायधुणीला अजून पाय धुवावे लागतात, उमरखाडीत पाणी आहे आणि परळहून माझगावला जायचं तर होडीची वाट बघावी लागते. मुंबई, माझगाव, परळ, वरळी, माहीम, मोठा कुलाबा, धाकटा कुलाबा. सात बेटं, सुटी सुटी.

या मुंबईत एक गोष्ट मात्र आपल्यापेक्षा निराळी आहे. भरतीचं पाणी चढलं की बेटांमधले सांधे सैल होतात. वरळीच्या कोळीवाड्याच्या भिंतीवर माझगावची शिडं उमटतात, परळच्या देवळाचा कळस स्वतःपासून दोन हात वर सरकून पुन्हा दिसतो. ओहोटी लागली की सगळं जागच्या जागी. इथल्या लोकांनी त्याची भीती बाळगली नाही, त्याची कला केली. भरतीची वाट न बघता चित्रात मुद्दाम, मोजून बिघाड पाडायचा. भरतकाम, विणकाम, जरीकाम, तसं हे खोटकाम. ते करणारा खोटकरी.

बेटं कल्पनेतली आहेत, पण काम आपल्या घरातल्या लॅपटॉपवर जसंच्या तसं करता येतं. एक आवाज संपादित करायचं फुकट मिळणारं सॉफ्टवेअर (मी ऑडॅसिटी वापरतो), एक हेक्स एडिटर, म्हणजे फाइलमधले बाइट जसेच्या तसे दाखवणारा आणि बदलू देणारा प्रोग्रॅम, आणि दोन चांगले फोटो एवढंच भांडवल लागतं.

‘खोट’ हा शब्द आपण सहसा वाईट अर्थानेच वापरतो. पण बाळाला तीट लावताना आई काय करते ते बघा. नटवलेलं, पावडर लावलेलं तोंड तयार असतं आणि मग ती बोटाच्या टोकावर काजळ घेऊन जागा शोधते. गालावर, हनुवटीजवळ, कधी कपाळाच्या कडेला. ठिपका छोटा, पण ठळक. तिथे तो असल्यामुळे बाकीचं तोंड जास्त नीट दिसतं. काजळाची डबीच तोंडावर उपडी केली तर त्याला कोणी गालबोट म्हणणार नाही. ग्लिच आर्ट, म्हणजे डिजिटल बिघाडाची कला, म्हणून जे ढिगाने बघायला मिळतं त्यात बहुतेक वेळा डबी उपडी झालेली असते: तयार फिल्टर, एक बटण, सगळीकडे सारख्याच जांभळ्या-हिरव्या रेघा. मला त्यात रस नाही. त्या रेघा चित्राच्या आतून आलेल्या नसतात, वरून चिकटवलेल्या असतात.

खरी खोट त्या जगाच्या स्वतःच्या नियमातून निघते. १९६५मध्ये व्हिडिओ कलाकार नॅम जून पाइक यांनी चालू टीव्हीवर मोठा लोहचुंबक ठेवला आणि चित्र वाकलं. त्या काचेवरचं चित्र इलेक्ट्रॉनच्या झोताने काढलं जात होतं आणि लोहचुंबक झोत वळवतो, म्हणून वाकलं. आजच्या चपट्या टीव्हीवर तोच चुंबक काही करणार नाही. काल्पनिक जगांतलं याहून सुंदर उदाहरण माइनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या व्हिडिओ गेमच्या जुन्या आवृत्त्यांमध्ये होतं. मध्यापासून साधारण १,२५,५०,८२१ ठोकळे एका दिशेने गेलं की जमीन अचानक भिंतीसारखी उभी राहायची, तिला पोखरल्यासारखी लांबच लांब भोकं असायची. कोणी ती रचलेली नव्हती. डोंगरदऱ्या ठरवणारं गणित तिथवर पोचेपर्यंत आकडा ३२ बिटांच्या पूर्णांकात मावेनासा व्हायचा आणि त्याच गणितातून ती भिंत उगवायची. २०११च्या बीटा १.८ आवृत्तीत गणित बदललं आणि ती भूमी गेली. जग आधी नीट बसलेलं असावं लागतं, मगच ते कुठे सुटेल हे सांगता येतं. खोटकऱ्याने पहिल्यांदा शिकायचं ते हे सांधे.

चित्राच्या फाइलचे सांधे कुठे असतात? बीएमपी या जुन्या, साध्या फाइलपासून सुरुवात करावी. १२०० पिक्सेल रुंद आणि ८०० उंच असा फोटो घ्या आणि २४ बिटांची बीएमपी म्हणून साठवा. सुरुवातीला ५४ बाइटचं शीर्षक, ज्यात लांबी-रुंदी वगैरे लिहिलेलं असतं. मग प्रत्येक पिक्सेलचे तीन बाइट: निळा, हिरवा, तांबडा, याच क्रमाने. एका ओळीचे ३६०० बाइट, सगळ्या चित्राचे २८,८०,०००. रुंदीला चाराने भाग जाईल असं बघा. या फाइलमध्ये प्रत्येक ओळ चार बाइटच्या पटीत संपावी लागते. रुंदी १२०१ घेतली तर ओळ ३६०३ बाइटची होते, तिला एक रिकामा बाइट जोडला जातो आणि पुढचा सगळा हिशेब तिरका पडतो.

आता मला सर्वांत आवडणारी गोष्ट. बीएमपीमध्ये चित्र खालून वर लिहिलेलं असतं. फाइलमधली पहिली ओळ ही चित्राची तळाची ओळ. म्हणजे फाइल वाचत जाताना चित्र पाण्यासारखं तळापासून चढत जातं. सात बेटांच्या मुंबईला याहून योग्य कागद सापडला नसता.

ही फाइल ऑडॅसिटीमध्ये आवाज म्हणून उघडायची. आयात करताना ‘रॉ डेटा’ निवडा, एन्कोडिंग यू-लॉ, एक चॅनल, ऑफसेट शून्य, वेग ४४,१००. यू-लॉ अशासाठी की त्यात एक बाइट म्हणजे आवाजाचा एक नमुना. १६ बिटांचा पर्याय घेतला तर दोन बाइट मिळून एक नमुना होतो, तीन बाइटच्या पिक्सेलशी त्याचं जुळत नाही आणि रंगांचा नुसता चिखल होतो. बरोबर उघडलं तर आपला फोटो आता ६५.३ सेकंदांचा आवाज झालेला असेल. तो ऐकू नका, निदान हेडफोनवर तरी. कानठळ्या बसतात.

निवड सेकंदांऐवजी नमुन्यांमध्ये दाखवायची सोय खालच्या पट्टीवर आहे, ती चालू करा. पहिले ३,६५४ नमुने सोडून द्या: शीर्षकाचे ५४ आणि सुरक्षेसाठी एक ओळ. शीर्षकाला धक्का लागला तर फाइल उघडतच नाही, आणि न उघडणारी फाइल म्हणजे खोटकाम नव्हे. काही प्रोग्रॅम १३८ बाइटचं लांब शीर्षक लिहितात. तेही त्या सोडलेल्या एका ओळीत मावून जातं.

त्यापुढचा भाग निवडून ‘एको’, म्हणजे प्रतिध्वनी, द्यायचा. विलंब एक सेकंद ठेवला तर प्रतिध्वनी ४४,१०० बाइट पुढे पडतो, म्हणजे १२ ओळी आणि वर पाव ओळ. खालून वरच्या हिशेबाने वस्तूची सावली १२ ओळी वर आणि ३०० पिक्सेल उजवीकडे उमटते. दुसरी २४ ओळी वर, ६०० उजवीकडे. चौथी सावली मात्र बरोबर ४९ ओळी वर, सरळ रेषेत, मूळ वस्तूच्या डोक्यावर येते. हा चौथ्या फेरीला घरी परतण्याचा ताल फार देखणा आहे. सेकंदाचा शंभरावा भाग म्हणजे ४४१ नमुने आणि ४४१ला तिनाने भाग जातो. म्हणून विलंब दोन दशांश स्थळांपर्यंत ठेवला तर रंग शाबूत राहतात. तिसऱ्या स्थळाला हात लावला की निळा हिरव्याच्या जागी बसण्याची शक्यता. हवं असेल तर जरूर करा, पण ठरवून करा.

इथे नवखा माणूस हमखास फसतो ते ‘डिके’ला, म्हणजे दर प्रतिध्वनीचा जोर किती उरेल ते ठरवणाऱ्या आकड्याला. ०.५ ठेवलं म्हणजे सावली निम्मी फिकी होईल असं वाटतं. तसं होत नाही. यू-लॉ हे लॉगरिदमी मोजमाप आहे. त्यात पांढरा, म्हणजे २५५, ही पूर्ण शांतता, आणि काळा, म्हणजे शून्य, हा सर्वांत मोठा आवाज. पांढऱ्या आभाळासमोरच्या काळ्या होडीचा प्रतिध्वनी दर वेळी निम्मा झाला तरी बाइट फक्त सोळाने वाढतो: १६, ३२, ४८, ६४च्या आसपास. चौथी सावलीसुद्धा चांगलीच काळपट. डिके ०.१ केलं तर ५३, मग ९९, मग १२३, आणि मधल्या करड्याशी पोचल्यावर पुढची सावली अचानक नाहीशी होऊन पांढरं उरतं. विरत जात नाही, तुटते. मला ०.१चा हा तुटलेपणा ०.५च्या काळोखापेक्षाही जास्त भावतो.

आता तिथी. कोकण किनाऱ्यावर भरतीची वेळ काढायचा जुना हिशेब आहे: तिथीची पाऊणपट. चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या, पौर्णिमेला आणि अमावास्येला सव्वाअकराच्या सुमारास पूर्ण भरती. बेटांवरचे खोटकरी याच आकड्याने चित्रातली पाण्याची रेघ ठरवतात. बारा तास म्हणजे चित्राची पूर्ण उंची. चतुर्थीचे तीन तास म्हणजे पाव उंची, तळापासून २०० ओळी, ७,२०,०५४व्या नमुन्यापर्यंतची निवड. अष्टमीला ४०० ओळी. पौर्णिमेला ७५०. आणि डिके मात्र पाण्याच्या जोरावर ठरतं: पौर्णिमा-अमावास्येच्या उधाणाला ०.५, अष्टमीच्या भांगाला, म्हणजे कमी जोराच्या भरतीला, ०.१. एको निवडीच्या बाहेर सांडत नाही, त्यामुळे रेघ अगदी स्वच्छ मिळते. या नियमाचा उपयोग एवढाच की हात थांबतो. पंचमीच्या चित्रात पंचमीपुरतंच पाणी. कितीही मोह झाला तरी वर जायचं नाही.

परत साठवताना निर्यातीत ‘हेडर नसलेली रॉ’ फाइल आणि पुन्हा यू-लॉच निवडा, मग नावाचा शेवट बीएमपी करा. मध्ये चुकून एक सेकंदाचा तुकडा कापला गेला असेल तर वरचं सगळं चित्र ३०० पिक्सेल सरकलेलं आणि माथ्यावर १२ ओळींची उणीव दिसेल. काही प्रोग्रॅम अशी फाइल उघडायलाच नकार देतात. एकूण लांबी बदलू द्यायची नाही, हे कायम लक्षात ठेवावं लागतं.

फोटो कोणता घ्यावा? सरकणं दिसतं ते उभ्या रेघांवर. चाळीच्या गॅलरीचे लाकडी कठडे, बंदरातल्या डोलकाठ्या, जिन्याचे गज. नुसता समुद्र घेतला तर ३०० पिक्सेल सरकूनही काही कळत नाही. मागे उजळ, मोकळं आभाळ असावं, कारण शांत जागेतच प्रतिध्वनी ऐकू येतो. वरळी किल्ल्याच्या पायथ्याशी ओढून ठेवलेल्या होड्या, दुपारच्या पांढऱ्या उजेडात, खालच्या बाजूने घेतलेल्या: उधाणासाठी याहून चांगला विषय मला माहीत नाही.

हे खालून येणारं पाणी झालं. वरून येतं ते जेपेगमध्ये, म्हणजे फोटोंच्या नेहमीच्या फाइलमध्ये.

जेपेग वरून खाली, डावीकडून उजवीकडे लिहिलं जातं, ८ गुणिले ८ पिक्सेलच्या चौकटींमध्ये. प्रत्येक चौकटीची सरासरी उजळता आकड्यात लिहिलेली नसते, फक्त आधीच्या चौकटीपेक्षा किती कमी-जास्त एवढंच लिहितात. त्यामुळे एका ठिकाणी चुकलं की ती चूक पुढच्या सगळ्या चौकटी उचलतात, जसा चुकलेला पहिला आकडा अख्ख्या खातेवहीत ओढला जातो. शिवाय आकडे कमी-जास्त लांबीच्या संकेतांमध्ये असतात. एक बिट हलला की संकेताची सुरुवात कुठे आणि शेवट कुठे याचाच घोळ होतो. म्हणून एक बाइट बदलला तरी त्याच्या खालचं चित्र पट्ट्यापट्ट्याने सरकतं, रंग बदलतं. पाऊस जसा पडला त्या जागेपासून उताराला वाहतो, तसा हा बिघाड नेहमी खाली वाहतो. वर कधीच जात नाही.

बेटांवर या कामालाच गालबोट म्हणतात. हेक्स एडिटरमध्ये फाइल उघडली की सुरुवातीला एफएफ डी८ दिसेल, शेवटी एफएफ डी९. एफएफ डीए शोधा. तिथून चौदा बाइट सोडले की चित्राचा खरा मजकूर सुरू होतो. मोबाइलच्या फोटोत एक सापळा आहे: सुरुवातीलाच छोटा नमुना-फोटो दडलेला असतो आणि त्याचंही स्वतःचं एफएफ डीए असतं. पहिलं सापडलं त्यावर काम केलं तर गॅलरीतला छोटा चौकोन बिघडलेला दिसतो आणि मोठा फोटो जसाच्या तसा. पुढचं शोधा. बदल करताना एफएफ लिहू नका. मजकुरात एफएफनंतर शून्य-शून्य नसेल तर वाचणारा प्रोग्रॅम ती खूण समजतो आणि बऱ्याचदा तिथेच थांबतो. चारशे केबीच्या फाइलमध्ये तीन ते पाच बाइट पुष्कळ झाले. मी एकच बदलण्याच्या बाजूचा आहे.

जागा निवडताना फाइलचा सत्तर टक्के भाग म्हणजे चित्राची सत्तर टक्के उंची असं समजू नका. मोकळं आभाळ मूठभर बाइटमध्ये मावतं, दादरच्या फुलबाजारातली गर्दी बाइट खात सुटते. वरचं अर्धं चित्र आभाळ असेल तर ते फाइलच्या पहिल्या दहाव्या भागातच संपलेलं असू शकतं. आधी एक बाइट बदलून बघा, कुठून फाटलं ते पाहा, पूर्ववत करा, पुढेमागे सरका. आई गालावर जागा शोधते तसंच.

फाइलमध्ये आणखी एक नाजूक जागा आहे, एफएफ डीबी. तिच्यामागून शून्य-शून्य, चार-तीन, शून्य-शून्य असे बाइट आले तर पुढचे ६४ आकडे म्हणजे चौकटी किती बारकाईने साठवायच्या त्याचा तक्ता. त्यातला पहिला आकडा सरासरी उजळतेचा. तो चौपट केला की उजेड-अंधारातला फरक सगळ्या चित्रभर चौपट होतो आणि चौकटी फरशीसारख्या उघड्या पडतात. हे गालबोट नाही, हे आभाळ भरून येणं आहे. क्वचितच वापरावं.

काम झालं की पीएनजी या दुसऱ्या प्रकारच्या चित्रफाइलमध्ये पक्कं करून ठेवा. बिघडलेली जेपेग प्रत्येक प्रोग्रॅम आपापल्या समजुतीने दाखवतो. तुमच्या पडद्यावर जिथे फाटलं तिथे दुसऱ्याच्या पडद्यावर फाटेलच असं नाही, कुठे कुठे नुसतं करडं दिसतं.

दोन्ही पाणी एकाच चित्रात आणणं हे खोटकामातलं सर्वांत अवघड काम. मुंबईत राहणाऱ्याला ते समजावून सांगावं लागत नाही. नुसता पाऊस शहर सोसतं, नुसती भरतीही सोसतं. दोन्ही एका वेळी आली की पाणी जायला जागा उरत नाही आणि हिंदमातासारखे सखल भाग भरतात. २६ जुलै २००५च्या पावसात चोवीस तासांत सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर नोंद झाली, कुलाब्याला ७३च्या आसपास. एकच शहर, एकच दिवस. त्या दिवसाने घरं आणि माणसं नेली, त्याच्याशी चित्रांचा खेळ मांडायचा नाही. पण सात बेटांच्या मुंबईची कल्पना सुचते ती या दोन आकड्यांच्या मधल्या फटीतूनच.

क्रम महत्त्वाचा. आधी पाऊस. जेपेगला गालबोट, मग ते पक्कं करून बीएमपी आणि शेवटी उधाण. उलट केलं तर एकोने खरखरीत झालेला खालचा भाग जेपेगमध्ये भरमसाट बाइट खातो आणि गालबोटाची जागा हाताला लागत नाही. गालबोटाने पडलेली फाट चित्राच्या मध्याच्या जरा वर असावी आणि पाण्याची रेघ त्या फाटीच्या थोडी खाली. मधला पट्टा, जिथे वरचं ओघळलंय पण खालचं अजून पोचलेलं नाही, तिथे डोळा सर्वांत जास्त थांबतो.

दुसऱ्या बेटाचा तुकडा जोडणं, म्हणजे सांधा, त्यामानाने सोपं. सारख्या मापाचे दोन फोटो, दोन्ही आवाज म्हणून उघडायचे, एकातून १,४४,००० नमुने (चाळीस ओळी) उचलायचे आणि दुसऱ्यात नेमके तेवढेच निवडून त्यांच्यावर चिकटवायचे.

राहिला चकवा. रात्री रानात वाट चुकून माणूस फिरफिरून त्याच झाडापाशी येतो, तो चकवा. खोटकरी तो व्हिडिओत लावतात. व्हिडिओत मोजक्याच फ्रेम पूर्ण चित्राच्या असतात. मधल्यांमध्ये फक्त ‘हा तुकडा इतका सरकला’ अशी नोंद. एमपेग-४ एव्हीआय बनवा, पुढची-मागची बघणाऱ्या बी फ्रेम बंद ठेवा आणि पूर्ण फ्रेममधलं अंतर ३०० किंवा जास्त करा. होडीच्या क्लिपला लोकलची क्लिप जोडा आणि लोकलची पहिली पूर्ण फ्रेम काढून टाका. आता लोकलची हालचाल होडीच्या रंगांना ढकलत नेते. होडीची पहिली फ्रेम मात्र काढायची नाही, नाहीतर करड्या धुरळ्याशिवाय काही दिसणार नाही. चकवा हवा असेल तर हालचालीची एकच फ्रेम पंचवीस वेळा लावा. दर सेकंदाला पंचवीस फ्रेमच्या हिशेबाने एक सेकंद सगळं एकाच दिशेला वाहत राहतं, पोचत कुठेच नाही. कॅमेरा तिपाईवर घट्ट हवा. तो हलला तर प्रत्येक तुकडा सरकलेला म्हणून नोंदला जातो आणि गाडी कुठली, फलाट कुठला हेच उरत नाही.

शेवटी पौर्णिमेच्या चित्राविषयी थोडं, कारण ते सर्वांत जास्त बिघडवलं जातं. ७५० ओळी पाण्याखाली, डिके ०.५, काळ्या सावल्यांची दाटी. वर ५० ओळी कोरड्या राहतात, पडद्यावर जेमतेम बोटभर पट्टी. फोटो घेतानाच त्या पट्टीचा विचार करावा. तिथे नुसतं आभाळ ठेवलं तर ती वाया जाते. चाळीच्या गच्चीची कड, वाळत घातलेलं एखादं नऊवारी, पाण्याच्या टाकीवर बसलेली घार, असं काहीतरी तिथे येईल एवढी चौकट वर उचलावी. खाली सगळी बेटं एकमेकांत मिसळलेली असताना त्या पन्नास ओळींतला एकही बाइट हललेला नसतो.